पहिलाच बर्ड वॉक? जंगल राहू द्या, तळ्याकाठी जा

पत्र

आम्ही नाशिकचे. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात लेक, जावई, सात वर्षांची नात आणि आम्ही दोघं गोव्याला जाणार आहोत. मुक्काम कळंगुटला. बँकेतून निवृत्त झाल्यापासून मला गॅलरीत बसून पक्षी बघायचा नाद लागलाय, पण साळुंकी, बुलबुल आणि दयाळ यांच्यापलीकडे माझी मजल नाही. गोव्यात गाइडबरोबर पक्षी बघायला जायची फार इच्छा आहे. फोनवर एका गाइडशी बोलले. तो म्हणाला, पहाटे साडेचारला निघू, मोलेच्या जंगलात नेतो, दिवसभरात ऐंशी जाती दाखवायची गॅरंटी. हॉटेलवाल्यांचाही एक ‘नेचर वॉक’ आहे म्हणे. माझे गुडघे कुरकुरतात. हातभर लांब कॅमेरे घेतलेल्या मंडळींमध्ये मी अगदीच अडाणी दिसेन अशी धास्ती वाटते. दुर्बीण नाही, ती आधी घ्यावी का? घरच्यांना समुद्रावर लोळायचंय. जावई म्हणतात, ‘पक्षी बघायला पैसे? कावळे तर फुकट दिसतात!’ सगळ्यांना सोबत न्यावं की एकटीने जावं? की हा हट्टच सोडू?
– एक वाचक, नाशिक

उत्तर

ताई, नमस्कार.

हट्ट अजिबात सोडू नका. सोडायचा असेल तर तो ऐंशीवाला गाइड सोडा.

तो खोटं बोलतोय असं नाही. गोवा एवढासा, पण तिथे साडेचारशेहून जास्त जातींचे पक्षी नोंदले गेलेत, आणि डिसेंबरात उत्तरेकडून आलेले पाहुणेही मुक्कामाला असतात. जाणत्या माणसाला एका दिवसात ऐंशी जाती सहज मिळतील. पण तुमच्या बाजूने हिशेब करा. आठ तासांत ऐंशी म्हणजे एका जातीला सहा मिनिटं, आणि त्यातच गाडीतून उतरणं, चालणं, पाणी पिणं, पक्षी शोधणं. गाइड बोट दाखवणार, इंग्रजी नाव घेणार, यादीत खूण करणार आणि पुढे निघणार. संध्याकाळी तुमच्या हातात ऐंशी नावांचा कागद असेल आणि डोळ्यांसमोर धड चार पक्षीसुद्धा नसतील. पहिल्या फेरीत बारा-पंधरा पक्षी नीट बघून झाले, त्यातले सहा-सात दुसऱ्या दिवशी गाइडशिवाय ओळखता आले, तर पैसे वसूल झाले असं मी म्हणेन.

दुसरी गोष्ट जंगलाची. मोले, बोंडला, तांबडी सुर्ला ही नावं ऐकली की वाटतं, जायचं तर तिथेच. धनेश तिथे आहे, मलबार ट्रोगन आहे, सुकलेल्या पानासारखा दिवसभर फांदीवर बसून राहणारा फ्रॉगमाउथ आहे. पण नवख्या माणसाला जंगल फार छळतं. झाडं उंच, पक्षी वरच्या फांद्यांत, मागे उजळ आभाळ. त्यामुळे लाल-पिवळा-हिरवा जो असेल तो काळाच दिसतो आणि अर्ध्या तासात मान धरते. शिवाय सदाहरित रानात पक्षी बरेचदा वेगवेगळ्या जातींचे मिळून टोळीने फिरतात. पाऊण तास एक पीसही दिसत नाही आणि मग अचानक दोन मिनिटांत दहा जाती डोक्यावरून निघून जातात. सरावलेले लोक त्या दोन मिनिटांसाठीच जातात. तुम्ही मात्र ‘कुठे, कुठे?’ म्हणेपर्यंत सगळं आटोपलेलं असेल. कळंगुटहून मोले जवळपास दोन तासांवर, म्हणून तर साडेचारचा गजर. सुट्टीत हे कोणी सांगितलंय?

तेव्हा पहिली फेरी पाण्याकाठी घ्या. पाण्यावरचे पक्षी आकाराने मोठे, उघड्यावर बसणारे आणि बरेचसे जागच्या जागी राहणारे. एखादा हुकला तरी तो पाच मिनिटांनी तिथेच असतो.

जुन्या गोव्याजवळचं करमळीचं तळं यासाठी छान आहे. कोकण रेल्वेचं करमळी स्टेशन अगदी त्याच्या शेजारी. थंडीत तिथे अडई बदकं थव्यांनी असतात. बसलेली असताना तपकिरी ढेकळांसारखी दिसतात, उठली की बारीक शिट्ट्या घालत उडतात. जांभळी पाणकोंबडी दिसेल. लालबुंद जाड चोच, त्याच रंगाचं कपाळ, आणि पाणवनस्पतीचा देठ एका पायाच्या मुठीत धरून ती असा खाते की नातीला हसू आवरणार नाही. कमळपक्षी बघायला मात्र सवडीने थांबा. त्याच्या पायाची बोटं शरीराच्या मानाने अवाच्या सवा लांब, त्यामुळे वजन विभागलं जातं आणि तरंगत्या पानांवरून तो न बुडता चालत जातो. या जातीत अंडी उबवायचं आणि पिल्लं वाढवायचं काम नराकडे असतं, हे जावईबापूंच्या कानावर घालायला हरकत नाही. एक सावधगिरी: लांब शेपटीचा कमळपक्षी चित्रांमध्ये नेहमी विणीच्या काळातला काढलेला असतो. डिसेंबरात ती शेपटी गळलेली असते आणि रंगही फिके पडलेले असतात. चित्रातला पक्षी शोधत बसलात तर समोरचा दिसणार नाही. तळ्यावर किती पाणी उघडं आहे आणि किती झाडोरा माजलाय, यावर तिथली गर्दी बदलते, म्हणून ‘गेल्या आठवड्यात करमळीला काय होतं?’ हे गाइडला फोनवरच विचारून घ्या.

दुसरी जागा चोडण बेट. रायबंदरहून फेरीबोटीने मांडवी ओलांडायची आणि उतरलं की धक्क्याला लागूनच डॉ. सलीम अली पक्षी अभयारण्य. 1988 साली जाहीर झालेलं, दोन चौरस किलोमीटरही नाही एवढं छोटं, सगळं खारफुटीचं. मला स्वतःला मात्र अभयारण्याच्या आतल्यापेक्षा बेटावरच्या खाजनांत जास्त मजा येते. खाजन म्हणजे खाडीचं खारं पाणी बांध घालून अडवलेली शेतजमीन, आणि त्या पाण्याची ये-जा राखायला मानस, म्हणजे लाकडी झडपांचा दरवाजा. पावसाळ्यातलं भात निघालं की तिथे चिखल, उथळ पाणी, मासे, कोळंबी, आणि त्यामागोमाग बगळे, तुतारी, शराटी, खंड्या. खाजनातले रस्ते सपाट आहेत, चढ-उतार नाही, गुडघ्यांची तक्रार येणार नाही. फेरीबोटीत असतानाच वर बघायला विसरू नका. विटकरी अंग आणि पांढरं शुभ्र डोकं-छाती असलेली ब्राह्मणी घार मांडवीवर हमखास घिरट्या घालत असते, तिला ओळखायला कुणाचीही मदत लागत नाही.

खाडीवर जाताना एक गोष्ट घरून निघण्याआधी ठरवायची असते, ती म्हणजे भरती-ओहोटी. ओहोटीला चिखल उघडा पडतो आणि किनाऱ्याचे पक्षी तिथे चरायला उतरतात. होडीतून खारफुटीच्या नाळांमध्ये शिरायचं असेल तर उलट भरती लागते. वेळ रोज साधारण पन्नास मिनिटांनी पुढे सरकते, म्हणून ‘गेल्या रविवारी आठ वाजता छान दिसलं’ या माहितीचा पुढच्या रविवारी उपयोग नाही. गाइडने स्वतःहून भरतीची वेळ बघून तुम्हाला तारीख सुचवली, तर तो चांगला गाइड आहे असं खुशाल समजा.

आता गाइड निवडायचा कसा? गोव्यात अनुभवी पक्षी-गाइड बरेच आहेत. बागा-कळंगुटला हिवाळ्यात येणाऱ्या परदेशी पक्षीनिरीक्षकांमुळे हा व्यवसाय तिथे बऱ्यापैकी रुजला. फोनवर पहिलं वाक्यच असं बोला: ‘मी अगदी नवी आहे, मला कमी पक्षी पण सावकाश बघायचेत.’ पुढचं उत्तर नीट ऐका. ‘मग आपण एकाच जागी दोन तास थांबू’ म्हणाला तर पुढे बोला. पुन्हा आकडे सांगायला लागला तर आभार मानून फोन ठेवा. गटात किती जण असतील ते विचारा. सहाच्या वर असतील तर शेवटच्या माणसाला पक्षी उडाल्यावरच कळतं. गट फोटो काढणाऱ्यांचा आहे की बघणाऱ्यांचा, हे तर विचाराच. फोटोवाल्यांचं चुकतं असं नाही, पण त्यांना एकाच दुर्मीळ पक्ष्यासाठी तासभर ताटकळायचं असतं आणि तेवढ्यात तुमच्यासमोरून नवा कोरा खंड्या निघून गेला तरी कोणी सांगत नाही. तुमची धास्ती अशा गटात खरी ठरेल. बघणाऱ्यांच्या गटात ‘तो काळा, लांब शेपटीचा कोण?’ हा प्रश्न लाजिरवाणा समजत नाहीत. उलट कोतवाल म्हणजे कोण हे सांगायला तिघं जण पुढे येतात.

गाइडकडे तिकाटण्यावरचा स्कोप, म्हणजे एका डोळ्याने बघायची मोठी दुर्बीण, आहे का, हाही प्रश्न महत्त्वाचा. स्कोप असला की तो पक्षी लावून ठेवतो आणि आपण फक्त डोळा लावायचा. दुर्बिणीचा सराव नसलेल्या माणसाला आणि सात वर्षांच्या मुलीला याच्यासारखं सुख नाही. आणि एक प्रश्न बायका संकोचाने विचारत नाहीत, तो मीच सांगते: वाटेत स्वच्छतागृह कुठे आहे? तीन तासांच्या फेरीत पाणी न पिता फिरणं हा त्यावरचा उपाय नाही. नेहमी बायकांना घेऊन जाणाऱ्या गाइडला याचं उत्तर तोंडपाठ असतं.

पैसे किती, यापेक्षा पैशात काय काय धरलंय ते विचारा: गाडी, होडी, अभयारण्याचं तिकीट, कॅमेऱ्याची फी, दुर्बीण. स्वस्त वाटलेली फेरी इथेच महाग पडते.

आवाज लावण्याबद्दल मी थोडी कडक आहे. काही गाइड मोबाइलवर पक्ष्याचा आवाज लावतात आणि पक्षी समोर येऊन बसतो. तो तुम्हाला भेटायला आलेला नसतो. आपल्या हद्दीत दुसरा नर घुसलाय असं समजून, खाणंपिणं टाकून भांडायला आलेला असतो. एका जागी रोज चार गट येऊन हेच करत असतील तर त्या पक्ष्याचे काय हाल होत असतील? ‘आवाज न लावता जे दिसेल ते चालेल’ असं आधीच सांगा. गिऱ्हाइकानेच नको म्हटलं की बहुतेक जण लावत नाहीत.

हॉटेलच्या नेचर वॉकबद्दल: तो कोण घेतो ते विचारा. पक्षी ओळखणारा माणूस असेल आणि सकाळी सातच्या आत निघत असेल तर जरूर जा. नाश्त्यानंतर साडेनऊला निघून बागेतली झाडं दाखवत परत आणणार असतील, तर तो नाश्ता जिरवायचा कार्यक्रम आहे. डिसेंबरअखेरीस गोव्यात सूर्य सातच्या सुमाराला उगवतो. पक्ष्यांची खरी लगबग उजाडल्यापासून पुढचे दोन-अडीच तास. म्हणजे कळंगुटहून सहाला निघालात तरी करमळीला वेळेत पोचाल. रस्ते त्या आठवड्यात दिवसा तुंबलेले असतात, पहाटे मात्र मोकळे मिळतात.

दुर्बीण आत्ता विकत घेऊ नका. अनेक गाइड फेरीपुरती देतात, नाहीतर ओळखीत कोणाकडे तरी कपाटात पडून असतेच. पुढे घ्यावीशी वाटली तर 8×42 घ्या. पहिला आकडा किती पट मोठं दिसतं त्याचा, दुसरा पुढच्या भिंगाचा व्यास मिलिमीटरमध्ये. दहा पटीची घेतली तर पक्षी थोडा मोठा दिसतो, पण हाताची थरथरही तेवढीच मोठी होते आणि दिसणारा भाग आक्रसतो. पर्यटनस्थळी टपरीवर मिळणारी ‘झूम’ दुर्बीण नातीला खेळायला ठीक.

मिळेल ती दुर्बीण एकदा तुमच्या डोळ्यांना लावून घ्या, हे काम घरीच करा. गॅलरीत उभं राहून समोरच्या दुकानाची पाटी धरा. आधी दोन नळ्या जवळ-लांब करून दोन गोल मिळून एक गोल दिसेल असं करा. चष्मा असेल तर डोळ्यांकडची रबरी कडी आत दाबून टाका, नाहीतर कडेला काळं दिसत राहील. मग उजवा डोळा मिटा आणि मधलं चाक फिरवून डाव्या डोळ्याने पाटीवरची अक्षरं स्पष्ट करा. आता डावा मिटून, मधल्या चाकाला हात न लावता, उजव्या डोळ्याकडचं कडं फिरवून तीच अक्षरं स्पष्ट करा. झालं, यापुढे फक्त मधलं चाक. बऱ्याच लोकांना दुर्बिणीतून ‘काही नीट दिसत नाही’, कारण हे त्यांना कोणी सांगितलेलंच नसतं.

पक्षी दुर्बिणीत सापडत नाही, ही दुसरी रड. पक्षी दिसला की आपण मान खाली घालून दुर्बीण शोधतो, वर बघतो तोवर फांदी कोणती तेच विसरलेलो असतो. नजर पक्ष्यावरून हलवायची नाही, मान तशीच ठेवायची आणि दुर्बीण डोळ्यांपर्यंत आणायची. सरावाला वेडा राघू उत्तम. तारेवर बसतो, झेप घेऊन माशी पकडतो आणि बरेचदा परत त्याच तारेवर येऊन ती आपटत बसतो. तो गेला तरी दुर्बीण तारेवरच रोखून धरा, तो येईल. वंचक, म्हणजे तळ्याकाठचा मातकट बगळा, त्याच्या बरोबर उलट. बसलेला असताना पायाशी असला तरी दिसत नाही आणि उडाला की एकदम पांढरे पंख उघडतात. ‘पांढरा पक्षी उडाला, पण बसला तेव्हा कुठे गेला?’ असा गोंधळ झाला तर तो वंचकच.

मोबाइलवर मर्लिन नावाचं फुकट ॲप घ्या आणि भारताच्या पक्ष्यांची माहिती घरच्या वायफायवर आधीच उतरवून ठेवा, म्हणजे नेटवर्क नसलं तरी चालतं. आवाज ऐकून ते नाव सुचवतं, पण ते सुचवणंच आहे. पक्षी डोळ्यांनी बघितल्याशिवाय वहीत नाव लिहू नका. आणि वही ठेवाच. नाव नाही आलं तरी आकार, चोच, काय करत होता एवढं लिहिलं की रात्री गाइडला विचारता येतं.

कपडे मातकट-हिरवट, पांढरे नकोत. खारफुटीत डास असतात, पूर्ण बाह्यांचा सदरा घाला. पुढेमागे गोव्यातल्या सत्तरी किंवा आपल्याकडच्या दोडामार्गच्या रानात गेलात तर पॅन्ट मोज्यांत खोचा. त्या पट्ट्यात माकडताप आढळलेला आहे, तो गोचिडीमुळे होतो, आणि त्याचे दिवस डिसेंबरपासूनच सुरू होतात. तळ्याकाठी फिरायला ही भानगड नाही.

आता घरच्यांचं. सगळ्यांना ओढून नेऊ नका. अर्धवट झोपेतला एक माणूस अख्ख्या गटाची मजा घालवतो, आणि तो घरचा असला की आपलं लक्ष पक्ष्यांवर कमी आणि त्याच्या चेहऱ्यावर जास्त राहतं. एक सकाळ तुमची एकटीची ठेवा, करमळीची. नात स्वतःहून उठली तर तिला घ्या, पण मग दीड तासात परत फिरायचं हे गाइडला आधीच सांगा.

सगळ्यांसाठी वेगळा बेत करा: कुठ्ठाळीहून जुवारी नदीत होडीने फेरी. दोन-तीन तास बसूनच बघायचं, त्यामुळे गुडघे खूश. खंड्याच्याच पाच-सहा जाती या पाण्यावर मिळतात. त्यातला निळा-पांढरा कॉलर्ड किंगफिशर आपल्या पश्चिम किनाऱ्यावर फार थोड्या ठिकाणी दिसतो आणि तो बघायला लोक मुद्दाम इथे येतात. कुंभारजुव्याच्या कालव्याकडे होडी गेली तर चिखलात पसरलेल्या मगरी दिसायची चांगली शक्यता असते. मगरीचं नाव काढलंत तर जावईसुद्धा वेळेवर उठतील. लाइफ जॅकेट सगळ्यांना आहे का, नातीच्या मापाचं आहे का, हे पैसे देण्याआधी डोळ्यांनी बघा.

अजून एक, आणि हे मी अगदी आग्रहाने सांगते. गोव्याला निघायच्या आधी एक रविवार नांदूर मध्यमेश्वरला जाऊन या. तुम्ही नाशिकच्या, निफाड तालुक्यातलं हे पाणथळ तुमच्या दारात आहे. गोदावरी-कादवा संगमावरच्या बंधाऱ्याचा हा फुगवटा रामसर यादीत, म्हणजे जागतिक महत्त्वाच्या पाणथळांच्या यादीत, गेल्याचं 2020 साली जाहीर झालं, महाराष्ट्रातलं त्या यादीतलं हे पहिलं ठिकाण. चापडगावच्या बाजूला स्थानिक मुलं गाइडचं काम करतात, मराठीतून नावं सांगतात, आणि पाणकोंबडी, कमळपक्षी, वंचक सगळे तिथेही भेटतात. दुर्बिणीची खटपट तिथेच करून झाली तर गोव्यातल्या गाइडचा वेळ तुम्हाला पक्ष्यांसाठी वापरता येईल.

ख्रिसमस ते एकतीस डिसेंबर या दिवसांत चांगले गाइड आधीच ठरलेले असतात, तेव्हा फोन याच आठवड्यात करा. एकतीसच्या दुसऱ्या दिवशीची सकाळ मागू नका. आदल्या रात्री कळंगुटात तुम्हालाही झोप लागणार नाही आणि गाइडलाही.